ओट्याची काळी पडलेली फट

प्रश्न : बाथरूममध्ये बेसिनच्या संगमरवरी ओट्याची भिंतीलगतची फट दरवर्षी व्हाइट सिमेंटने भरावी लागते. पावसाळ्यात ती पुन्हा तडकते, काळी पडते. उपाय काय?

उत्तर : दोष गवंड्याचा नाही, मालाचा आहे. दगड आणि भिंत किंचित हलतच असतात. व्हाइट सिमेंट पडले ताठ, ते तडकणारच. इथे लवचिक सिलिकॉन सीलंट हवे.

पण कुठलेही नाही. व्हिनेगरसारखा वास येणारे स्वस्त सिलिकॉन वाळताना अ‍ॅसेटिक अ‍ॅसिड सोडते आणि ते संगमरवराची झिलई खाते. म्हणून ‘न्यूट्रल क्युअर’, बुरशीरोधक सॅनिटरी सिलिकॉनच मागावे. न विचारता घेतले तर काचकामाचे हातात पडायचे!

जुने सिमेंट पात्याने पूर्ण खरवडावे, फट स्पिरिटने पुसून कोरडी होऊ द्यावी. भिंतीला ओल असेल तर काम पुढे ढकलावे, सिलिकॉन धरणार नाही. दोन्ही कडांना मास्किंग टेप लावून, नळीचे टोक तिरके कापून, मध्ये न थांबता गन चालवावी. साबणाच्या पाण्यात बुडवलेले बोट फिरवून टेप लगेच काढावी. वर साय धरल्यावर ओढली तर कड फाटते.

सिलिकॉन हवेतल्या बाष्पाने घट्ट होते, दिवसाला साधारण २ ते ३ मिलिमीटर. त्यामुळे किमान २४ तास त्या बेसिनचा नळ बंद.