तुटलेली परंपरा कोणासाठी जोडली जाते? भिक्खुणी संघाच्या इतिहासातून एक अभ्यास



मागच्या महिन्यात रविवारच्या धम्मवर्गात अकरा वर्षांच्या एका मुलीने विचारले, "भन्तेजी नेहमी पुरुषच का असतात?" मी तिला महाप्रजापती गौतमीची गोष्ट सांगितली. केस कापून, काषाय वस्त्रे नेसून, सुजलेल्या पायांनी कपिलवस्तूहून वैशालीपर्यंत चालत गेलेल्या त्या शाक्य स्त्रिया तिला फार आवडल्या. पण तिचा पुढचा प्रश्न आला, "मग त्या आता कुठे आहेत?" उत्तर दोन वाक्यांत देता आले नाही. म्हणून हा लेख.

चुल्लवग्गात आनंदाने तथागतांना विचारलेला प्रश्न आधी लक्षात घेऊ. स्त्रीने गृहत्याग केला, तर तिला स्रोतापत्तीपासून अर्हत्वापर्यंतची चारही फळे मिळू शकतात का? उत्तर स्पष्ट होते : होय. म्हणजे क्षमतेचा मुद्दा तिथेच निकालात निघाला. त्यानंतर येतात ते आठ गरुधम्म. पहिलाच असा की शंभर वर्षांच्या भिक्खुणीनेही त्याच दिवशी उपसंपदा झालेल्या भिक्खूला वंदन करावे. पुढे गौतमीने विनंती केली की वंदन ज्येष्ठतेप्रमाणे व्हावे, स्त्री-पुरुष पाहून नव्हे. ती मान्य झाली नाही, असे ग्रंथ सांगतो. मला मात्र ती विनंती ग्रंथात टिकून राहिली, याचेच जास्त महत्त्व वाटते. कुणाला तरी ती गाळावीशी वाटली नाही.

हे गरुधम्म खरोखर तथागतांचे का, याविषयी अभ्यासकांना शंका आहे. एका गरुधम्मात शिक्षमाणेच्या दोन वर्षांच्या प्रशिक्षणाचा उल्लेख येतो. ज्या दिवशी पहिली भिक्खुणीच झालेली नव्हती, त्या दिवशी ही व्यवस्था आली कुठून? स्त्रियांच्या प्रवेशामुळे सद्धम्म हजाराऐवजी पाचशेच वर्षे टिकेल, असे भाकीतही त्याच प्रकरणात आहे. अडीच हजार वर्षे होऊन गेली! बाबासाहेबांनी 1951 साली 'महाबोधी' मासिकात हिंदू स्त्रीच्या उन्नती-अवनतीवर लेख लिहिला. स्त्रियांच्या अवनतीला बुद्ध जबाबदार आहेत, या आरोपाला ते उत्तर होते. पिटकांवर भिक्खूंचा संपादकीय हात फिरलेला आहे, हे त्यांनी त्यात दाखवून दिले आणि दोष मनुस्मृतीच्या पदरात टाकला. त्याच वर्षी हिंदू कोड बिल रखडल्यावर त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. एकीकडे कायदा, दुसरीकडे ग्रंथ, आणि दोन्हीकडे विचारणा एकच : नियम कोणी केले?

आता त्या मुलीच्या प्रश्नाकडे येऊ. अशोककन्या संघमित्रा बोधिवृक्षाची फांदी घेऊन श्रीलंकेला गेली आणि अनुराधपुरात भिक्खुणी संघ उभा राहिला. तो हजार वर्षांहून जास्त टिकला. इतकेच नव्हे, इसवी सनाच्या पाचव्या शतकात देवसारा आणि इतर सिंहली भिक्खुणी समुद्रमार्गे चीनला गेल्या आणि आजच्या नानजिंगमध्ये तीनशेहून अधिक चिनी स्त्रियांना उपसंपदा मिळाली. मग अकराव्या शतकात, चोल आक्रमणांच्या धामधुमीत, लंकेतला हा संघ नष्ट झाला.

इथे थोडे थांबूया, कारण सारा प्रश्न याच वळणावर आहे. त्याच काळात भिक्खू संघाचीही वाताहत झाली होती. उपसंपदा द्यायला पुरेसे भिक्खू उरले नव्हते, तेव्हा राजा विजयबाहूने ब्रह्मदेशातून भिक्खू आणवले. अठराव्या शतकात उपसंपदा पुन्हा खंडित झाली. तेव्हा 1753 साली सयामहून उपाली थेरांना बोलावले गेले आणि सयाम निकाय स्थापन झाला. थोड्याच वर्षांत त्याची दारे गोविगम या वरच्या मानलेल्या जातीपुरती उरली. हे वाचून आपल्याला आश्चर्य वाटायला नको, दुःख मात्र होते. ज्यांना डावलले, ते एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला ब्रह्मदेशातल्या अमरपुराहून उपसंपदा घेऊन आले. तो अमरपुर निकाय.

म्हणजे पुरुषांची परंपरा तुटली की जहाज पाठवून ती जोडून आणायची, असा शिरस्ताच होता. स्त्रियांची परंपरा तुटली तेव्हा कोणी जहाज पाठवले नाही. उलट सांगितले गेले की भिक्खुणीची उपसंपदा दोन्ही संघांसमोर व्हावी लागते, भिक्खुणीच नाहीत, तेव्हा ते आता शक्य नाही. चिनी परंपरेत ती वंशवेल जिवंत होती, आणि तीही लंकेतूनच गेलेली! पण ती महायानी, तिचा विनय धर्मगुप्तकांचा, म्हणून चालणार नाही, हा आक्षेप पुढे आला. विनयाचे हे बारकावे खोटे नाहीत. पण कोणाच्या वेळी ते आडवे आणायचे, हे माणसे ठरवतात. पुरुषसत्ता म्हणतात ती इथे असते. एखाद्या भिक्खूच्या मनात स्त्रियांविषयी तिरस्कार असण्याचीही गरज नाही, किल्ली कोणाकडे आहे एवढे पुरते.

वेगवेगळ्या समाजांनी या किल्लीचे काय केले ते पाहा. थायलंडमध्ये शेतीत, बाजारात, व्यापारात स्त्रिया सर्वत्र दिसतात. तिथे 1928 साली संघराजाच्या आदेशाने स्त्रियांना दीक्षा देण्यास भिक्खूंना मनाई झाली. ती अजून उठलेली नाही. पांढऱ्या वस्त्रांतल्या मेची आठ शील पाळतात, पण संघात त्यांना स्थान नाही. प्राध्यापिका चत्सुमर्न कबिलसिंग यांना 2003 साली उपसंपदेसाठी श्रीलंकेला जावे लागले. आज त्या भिक्खुणी धम्मानंदा आहेत. त्यांच्या आईने 1971 मध्ये तैवानला जाऊन उपसंपदा घेतली होती. आईला आणि मुलीला, दोघींनाही देशाबाहेरच जावे लागले.

तैवानमध्ये चित्र उलटे आहे. तिथे भिक्खुणींची संख्या भिक्खूंपेक्षा जास्त आहे. त्यांचे स्वतःचे विहार आहेत, शिक्षणसंस्था आहेत, देणग्यांचा हिशेब त्या स्वतः ठेवतात. चेंग येन यांनी 1966 साली सुरू केलेली त्झू ची ही सेवासंस्था आज जगभर पोहोचली आहे. 2001 मध्ये भिक्खुणी चाओ ह्वेई यांनी आठ गरुधम्म जाहीरपणे झुगारून दिले, तेही संघात राहूनच. विद्या, पैसा आणि स्वतःचे छप्पर हाती असल्यावर माणूस वेगळ्या आवाजात बोलतो.

आणि श्रीलंका? 1996 मध्ये सारनाथला कोरियन संघाच्या मदतीने, तर 1998 मध्ये बोधगयेला तैवानच्या पुढाकाराने सिंहली स्त्रियांना उपसंपदा मिळाली. त्याच 1998 साली दंबुल्लाला लंकेच्या भूमीवरही ती झाली. सहाव्या शतकानंतरच्या नव्हे, जवळजवळ हजार वर्षांच्या खंडानंतर. बाकीच्या निकायांची मान्यता अजून आलेली नाही. ऑस्ट्रेलियात पर्थजवळ अजान ब्रह्म यांनी 2009 साली चार भिक्खुणींना उपसंपदा दिली, तेव्हा थायलंडमधल्या मूळ परंपरेने त्यांच्या विहाराला आपल्यातून वगळले. परदेशात राहिलो म्हणून मायदेशाची किल्ली सुटत नाही.

आपल्यापुरते बोलायचे तर आपल्या डोक्यावर कोणता निकाय नाही, कोणा संघराजाचा आदेश नाही. नागपूरला बाबासाहेबांनी स्वतः दीक्षा घेतली आणि नंतर लाखोंना दिली, त्यात स्त्रिया-पुरुष एकाच मैदानात होते. आपली लग्ने, नामकरणे बौद्धाचार्य लावतात. मग बौद्धाचार्य म्हणून आपण बाईला का बोलावत नाही? आपल्या कार्यक्रमपत्रिका काढून बघा. स्वागतगीत, रांगोळी, खीर, वंदनेचे पठण भगिनींकडे आणि धम्मदेसना, अध्यक्षीय भाषण, खजिना बांधवांकडे. मागच्या आषाढ पौर्णिमेला एका भिक्खुणींचे नाव सुचवले, तेव्हा बैठकीत एक ज्येष्ठ म्हणाले, "लोकांना सवय नाही." मीही त्या वेळी गप्प बसले. ते चुकलेच.

पुढच्या धम्मवर्गात आपण चुल्लवग्गाचा दहावा खंधक वाचणार आहोत. मोठ्यांनीही यावे. आणि वर्षावासाच्या निमंत्रणांची यादी अजून अंतिम झालेली नाही. भिक्खुणींना काय म्हणायचे असे त्या मुलीने जाताना विचारले होते. पाली शब्द आहे 'अय्या'. तिने तो वहीत लिहून घेतला आहे.