अपघात भरपाईचे अपील : नव्वद दिवसांचा हिशेब

भिवंडी असो की मालेगाव, सुताच्या पैशाचा वायदा आम्ही व्यापारी विसरत नाही. परंतु अपघाताच्या दाव्यात निकाल लागला की त्याची तारीख कोणी लिहून ठेवत नाही. भरपाई अपुरी आहे हे बेवा आणि यतीम मुलांना कळेपर्यंत मुदत निघून गेलेली असते.

मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 173 प्रमाणे न्यायाधिकरणाच्या निकालावर उच्च न्यायालयात 90 दिवसांत अपील करावे लागते. तीन महिने नव्हे, 90 दिवस. निकाल 1 जूनचा असेल तर मुदत 30 ऑगस्टला संपते. 1 सप्टेंबरला जाणारा दोन दिवस उशिरा पोहोचला. मात्र निकालाची प्रमाणित नक्कल मिळण्यास लागलेले दिवस यातून वगळले जातात. म्हणून नकलेचा अर्ज ताबडतोब करावा व अर्जाची आणि नक्कल मिळाल्याची तारीख जपावी. वादातील रक्कम एक लाखापेक्षा कमी असल्यास अपील चालत नाही. ही मर्यादा 2019 च्या दुरुस्तीने वाढली. पूर्वी ती दहा हजार होती.

गाडीमालक व्यापाऱ्यांनीही सावध असावे. विमा संपलेला असेल किंवा चालकाकडे योग्य परवाना नसेल तर बोजा मालकावर येऊ शकतो. त्याला अपिलासाठी 25,000 रुपये किंवा निकालाच्या रकमेच्या निम्मी रक्कम, यांपैकी कमी असेल ती आधी भरावी लागते. अपील केले म्हणून वसुली आपोआप थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते. नाहीतर जिल्हाधिकाऱ्यामार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुली होते.

उशीर झालाच तर दार बंद होत नाही. पुरेसे कारण दाखविल्यास उच्च न्यायालय विलंब माफ करू शकते. हा कायदा पीडितांच्या हितासाठी आहे, म्हणून विलंबाकडे उदार दृष्टीने पाहावे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये सांगितले. पण उदारता म्हणजे हक्क नव्हे. "माहीत नव्हते" एवढ्याने भागत नाही. आजारपण असेल तर दवाखान्याचे कागद, वकिलाने कळविले नसेल तर त्याच्याशी झालेला पत्रव्यवहार, असा तारीखवार पुरावा प्रतिज्ञापत्रासोबत जोडावा. विलंब माफ झाला तरी त्या काळाचे व्याज अनेकदा नाकारले जाते, हेही ध्यानात ठेवावे.

वकिलाच्या फीसाठी पैसे नाहीत म्हणून घरी बसू नये. 1987 च्या कायद्याप्रमाणे स्त्रियांना, त्यांचे उत्पन्न कितीही असो, मोफत विधी सेवा मिळते. जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा.

उधारीचा व्यवहार मुदतीसह लिहून ठेवण्याची ताकीद कुरआनने सूरह बकरात (आयत 282) दिली आहे. यतिमांचा हक्क तर उधारीहून मोठी अमानत. मोहल्ल्यात असा निकाल लागला की शेजाऱ्याने, जमातीच्या जाणकाराने ती तारीख वहीत लिहावी आणि त्या घराला साठाव्या दिवसाआधी वकिलाकडे न्यावे.