शितावरून भाताची परीक्षा

भात शिजला आहे की नाही हे पाहण्यासाठी आई पातेल्यातील सगळा भात चिवडीत बसत नाही. एखादे शीत बोटांनी चेपून पाहिले, की तिचे काम होते. व्यवहारात ही परीक्षा योग्यच ठरते. कारण एका पातेल्यातील तांदळाला एकच आच लागलेली असते. गणितात मात्र ती पुरेशी पडत नाही. का पडत नाही, आणि तिच्या जागी गणितज्ञांनी कोणती परीक्षा योजिली, हे आपण पाहू.

मुलांनो, कोणतीही एक संख्या घ्या. तिचा वर्ग करा, त्यातून तीच संख्या वजा करा आणि ४१ मिळवा. १ घेतल्यास उत्तर ४१ येते, २ घेतल्यास ४३, ३ घेतल्यास ४७ आणि ४ घेतल्यास ५३. या सर्व मूळ संख्या आहेत. म्हणजे १ आणि ती संख्या स्वतः यांवाचून अन्य कोणत्याही संख्येने त्यांना निःशेष भाग जात नाही. लिओनार्ड ऑयलर या थोर गणितज्ञाने १७७२ मध्ये या मालिकेकडे लक्ष वेधले होते. दहा संख्या घेऊन पाहा, वीस पाहा, चाळीस पाहा. प्रत्येक वेळी मूळ संख्याच येते. मग ‘उत्तर नेहमी मूळ संख्याच असते’, असे म्हणावयास काय हरकत आहे? हरकत पुढच्याच पावलावर उभी आहे. ४१ घेतले की उत्तर येते १६८१. आणि १६८१ म्हणजे ४१ गुणिले ४१! चाळीस साक्षीदारांनी एकमुखाने दिलेली ग्वाही एकेचाळिसाव्याने खोटी पाडली.

आता दुसरे विधान घेऊ. १ हा १ चा वर्ग. १ + ३ = ४, हा २ चा वर्ग. १ + ३ + ५ = ९, हा ३ चा वर्ग. १ + ३ + ५ + ७ = १६, हा ४ चा वर्ग. पहिल्यापासून जितक्या विषम संख्या क्रमाने मिळवाव्यात, तितक्यांचा वर्ग बेरीज म्हणून येतो, असे दिसते. परंतु हेही विधान पुढे कोठे तरी दगा देणार नाही कशावरून? संख्या अनंत आहेत. एकेक तपासू लागलो, तर युगेही अपुरी पडतील.

यासाठी थोडे चिंचोके घ्या. चार ओळी, प्रत्येक ओळीत चार, असा चौरस मांडा. हे झाले १६. आता हा चौरस पाचाचा करू. उजवीकडे चार चिंचोके ठेवा, खाली चार ठेवा आणि कोपऱ्यातील रिकामी जागा एका चिंचोक्याने भरा. एकूण नऊ लागले. आणि सातानंतरची विषम संख्या नऊच नव्हे काय?

चाराच्या जागी कोणतीही संख्या असो, रीत हीच. तिला ‘क’ म्हणू. पहिल्या क विषम संख्यांची बेरीज क चा वर्ग आहे असे मानले, तर तितके चिंचोके क बाजूच्या चौरसात बसतील. पुढचा चौरस करण्यास क, पुन्हा क आणि एक, म्हणजे २क + १ चिंचोके लागतील. आता पाहा: दुसरी विषम संख्या ३, तिसरी ५, चौथी ७, प्रत्येक विषम संख्या आपल्या क्रमांकाच्या दुपटीहून एकाने कमी असते. तेव्हा क च्या पुढच्या क्रमांकाची विषम संख्या २क + १ हीच होय. म्हणजे विधान एका संख्येसाठी खरे असेल, तर पुढच्या संख्येसाठीही खरे असलेच पाहिजे. १ साठी ते खरे आहेच. म्हणून २ साठी, म्हणून ३ साठी, आणि असेच अखंड पुढे.

दिवाळीत आपण एका पणतीने दुसरी पणती लावतो. अशा पणत्यांची अंत नसलेली रांग मनात आणा. रांग उजळण्यास दोन गोष्टी हव्यात: पहिली पणती पेटली पाहिजे आणि प्रत्येक पणतीने शेजारची पेटविली पाहिजे. ऑयलरच्या मालिकेत आपण चाळीस पणत्या एकेक करून हाताने लावल्या. त्यांतील कोणतीही पुढची पेटवीत नव्हती. उलट, ‘प्रत्येक संख्या तिच्या पुढच्या संख्येएवढी असते’ हे विधान घ्या. ५ आणि ६ समान असते, तर दोहोंत एकेक मिळवून ६ आणि ७ समान ठरले असते. हे पाऊल बिनचूक आहे; पण १ आणि २ समान नाहीत. पहिली पणतीच पेटली नाही, मग प्रकाश कोठून येणार?

सिसिलीतील फ्रांचेस्को माउरोलिको याने विषम संख्यांचा हाच सिद्धांत १५७५ मध्ये छापलेल्या ग्रंथात पायरीपायरीने सिद्ध केला. फ्रान्सच्या ब्लेझ पास्काल याने १६५४ मध्ये लिहिलेल्या प्रबंधात ही दोन पावले स्पष्ट शब्दांत मांडली. आज या रीतीस ‘गणिती विगमन’ म्हणतात. हे नाव रूढ करण्यात ज्याच्या १८३८ मधील लेखाचा वाटा आहे, त्या ऑगस्टस डी मॉर्गन या इंग्रज गणितज्ञाचा जन्म आपल्याच देशात, मदुराई येथे, १८०६ मध्ये झाला होता.

अनेकदा खरे ठरलेले विधान खरे असण्याचा संभव असतो. पण ते खरे असलेच पाहिजे, असे म्हणण्याचा अधिकार कारण सापडल्यावरच मिळतो. ते कारण सापडले, की चिंचोक्यांशी खेळणारे लहान मूलही अनंत संख्यांविषयी निःशंकपणे बोलू शकते.

स्वाध्याय

१. पहिल्या १०० विषम संख्यांची बेरीज, प्रत्यक्ष न मिळविता, सांगा.
२. चाळीस उदाहरणे जुळूनही ऑयलरच्या मालिकेविषयीचे विधान खोटे का ठरले?
३. पणत्यांच्या दाखल्यातील दोन गोष्टी सिद्धतेच्या कोणत्या दोन पावलांशी जुळतात?
४. ‘शितावरून भाताची परीक्षा’ ही म्हण योग्य ठरेल असा एक आणि फसवी ठरेल असा एक प्रसंग लिहा.