कानाचं हाड आणि शेवटचा आकडा

पोरी, सोमवारपासून परसोडीच्या आयटी पार्कात मेडिकल कोडिंगला बसणार आहेस, असं तुझ्या आईनं फोनवर सांगितलं. कान-नाक-घशाच्या फायली देणार आहेत म्हणे. धंतोलीच्या एका दवाखान्यात मी अकरा वर्षं रेकॉर्ड रूम सांभाळली, नंतर नऊ वर्षं अमेरिकेच्या फायली केल्या. त्यातलं जे कोणी शिकवत नाही तेवढंच सांगते.

आधी ती नळी डोळ्यांपुढे आण. नाकाच्या मागे, घशाच्या वरच्या अंगाला ती सुरू होते आणि मधल्या कानात उघडते. युस्टेशियन नळी. मोठ्या माणसात साडेतीन सेंटिमीटरच्या आसपास. तिचा घशाकडचा दोन तृतीयांश भाग कूर्चेचा, कानाकडचा एक तृतीयांश हाडातून गेलेला. सर्दीनं, अॅडेनॉइडनं कान बंद होतात ते बहुतेक कूर्चेच्या बाजूनं. हाडाच्या भागातच नळी बुजणं दुर्मिळ. म्हणून हाडाचा कोड देताना हात जरा थांबू दे.

आपल्याकडच्या दवाखान्यात जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-१०, म्हणजे आजारांच्या कोडचं पुस्तक, चालतं. तिथं नळी बुजली की एच ६८.१, विषय संपला. मला तीच सवय होती. अमेरिकेचं पुस्तक तेवढ्यावर थांबत नाही. नुसता अडथळा लिहिला असेल तर एच ६८.१०, हाडाचा असेल तर एच ६८.११, कूर्चेचा आतून असेल तर एच ६८.१२, बाहेरून दाब आला असेल तर एच ६८.१३. त्यापुढे एक आकडा कानाचा. उजवा १, डावा २, दोन्ही ३, आणि कोणता ते कुठंच लिहिलेलं नसेल तर ९. म्हणजे उजव्या कानाचा हाडाचा अडथळा एच ६८.१११. नुसतं 'डिसफंक्शन' लिहिलं असेल तर या घरात यायचंच नाही, ते एच ६९ मध्ये शोध. आणि एक बारीक अडचण सांगते. 'कार्टिलॅजिनस' या शब्दात 'जी'नंतरच्या 'आय'च्या जागी त्या पुस्तकात 'ई' छापलेला आहे. शोधपट्टीत शुद्ध स्पेलिंग टाकून सापडत नाही म्हणून घाबरू नकोस.

माझी चूक ऐक. पहिलंच वर्ष होतं. भरती झालेल्या पेशंटची फाइल, डावा कान. उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी फक्त 'ऑब्स्ट्रक्शन' लिहिलेलं. मी मागची पानं चाळली तर सीटीच्या अहवालात हाडाचा भाग अरुंद दिसतो, असं वाक्य. मला वाटलं, किती बारकाईनं वाचलं मी! एच ६८.११२ देऊन मोकळी झाले. ऑडिटमध्ये फाइल परत आली. भरती पेशंटच्या बाबतीत अहवालातलं निदान उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी स्वतः मान्य करून लिहिल्याशिवाय आपण उचलायचं नसतं. बरोबर कोड एच ६८.१०२ होता, नाहीतर डॉक्टरांना क्वेरी पाठवायची होती. त्या पेशंटच्या नावावर न झालेलं निदान माझ्यामुळे चढलं असतं, हे मनात येऊन मला दोन रात्री झोप लागली नाही.

क्वेरी लिहितानाही जपून. 'अडथळा हाडाचा आहे ना?' असं विचारायचं नाही. उत्तर त्यांच्या तोंडात घालायचा आपल्याला हक्क नाही. सीटीत काय लिहिलंय ते तसंच मांडायचं आणि विचारायचं, अडथळ्याचा प्रकार व जागा स्पष्ट कराल का? पर्याय दिलेस तर त्यात 'इतर' आणि 'सांगता येत नाही' हेही ठेव.

ओपीडीच्या फाइलीत 'प्रॉबेबल', 'सस्पेक्टेड', 'रूल आउट' दिसलं की तो आजार कोड करायचाच नाही. पेशंट ज्या त्रासासाठी आला तो कोड कर. उजवा कान दुखतो म्हणाला तर एच ९२.०१. भरती पेशंटचा नियम उलटा आहे. डिस्चार्जच्या वेळीही डॉक्टरांनी 'प्रॉबेबल'च ठेवलं असेल तर आजार आहे असं धरून कोड करता येतो. नव्या मुली इथंच गडबडतात.

आता कानांबद्दल. एडी म्हणजे उजवा कान, एएस डावा, एयू दोन्ही. डोळ्यांचे ओडी, ओएस वेगळे, आणि घाईत ते एकमेकांत मिसळतात. सीटीचं चित्र उघडलंस तर पडद्याच्या डाव्या हाताला पेशंटचा उजवा कान असतो, म्हणून चित्रावरून बाजू ठरवू नकोस, लिहिलेलं वाच. डॉक्टरांनी बाजू लिहिलीच नसेल तर ९ टाकण्याआधी नर्सच्या किंवा इतर वैद्यकीय कर्मचाऱ्यांच्या नोंदी बघ, बाजू तिथून घेता येते. दोघांनी दोन बाजू लिहिल्या असतील तर मात्र डॉक्टरांनाच विचार. दोन्ही कान असतील तर १ आणि २ असे दोन कोड लावायचे नाहीत, एकच ३. दोन कानांचे उपचार वेगवेगळ्या दिवशी झाले तर पहिल्या खेपेला ३ चाच कोड, कारण तेव्हा आजार दोन्हीकडे असतोच. दुसऱ्या खेपेला, पहिला कान बरा झालाय असं नोंदीत असेल, तर उरलेल्या कानाचा.

पुस्तक दर १ ऑक्टोबरला बदलतं, कधी १ एप्रिललाही. दिवाळीच्या सुमारास तुझ्यापुढे सप्टेंबरच्या फायली पडतील, तेव्हा ओपीडीचा पेशंट ज्या दिवशी बघितला, भरतीचा ज्या दिवशी डिस्चार्ज झाला, त्या दिवशीचंच पुस्तक उघडायचं, आजचं नाही.

रविवारी ये. माझी जुनी वही काढून ठेवते, तिच्यात कानाचं एक चित्र मी हातानं काढलंय, हाडाचा भाग लाल पेन्सिलीनं.