पाठ : छायालेखक योसेफ विर्शिंग



सिनेमाचा विषय निघाला की आपल्या घरांत सुलोचना, डेव्हिड, नादिरा ही नावे अभिमानाने सांगितली जातात. ही पडद्यावरची माणसे. आज पडद्यामागच्या एका माणसाची माहिती घेऊ. योसेफ विर्शिंग ज्यू नव्हते, जर्मन होते. पण त्यांची गोष्ट भारतातल्या ज्यूंच्या गोष्टीला दोनदा येऊन मिळते.

विर्शिंग यांचा जन्म 1903 साली म्युनिक शहरात झाला. 'प्रेम संन्यास' या मूकपटाच्या चित्रणासाठी 1925 मध्ये ते पहिल्यांदा भारतात आले. 1934 मध्ये हिमांशू राय आणि देविका राणी यांनी मालाडला बॉम्बे टॉकीज सुरू केली, तेव्हा विर्शिंग तिथे छायालेखक झाले. 'अछूत कन्या' (1936) त्यांनीच चित्रित केला.

1939 मध्ये महायुद्ध सुरू झाले. ब्रिटिश सरकारने भारतातल्या जर्मन नागरिकांना 'शत्रुदेशीय' ठरवून पकडले. विर्शिंगही छावणीत गेले आणि त्यांचे काम कित्येक वर्षे थांबले. हिटलरच्या छळातून निसटून भारतात आलेल्या जर्मन ज्यूंवरही तोच शिक्का बसला. त्यांतल्या अनेकांना अहमदनगरच्या छावणीत ठेवले गेले. मुंबईच्या ज्यू मदत संस्थेने त्यांच्यासाठी खटपट केली, चौकशा झाल्या आणि बरेच जण सुटले. छळणारा कोण आणि छळ सोसणारा कोण, हे पासपोर्टवरून कळत नाही. ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे.

युद्धानंतर विर्शिंग मुंबईतच कामाला लागले. कमाल अमरोहींचा 'महल' (1949) पाहा. अख्खा पडदा उजळण्याऐवजी ते थोडाच भाग उजळतात आणि बाकीचा अंधारात ठेवतात. त्या अंधारात काय असेल, हे आपले मनच रचू लागते. भीती वाटते ती त्यामुळेच.

'दिल अपना और प्रीत पराई' (1960) याचेही चित्रण त्यांचेच. त्यात मीना कुमारींबरोबर आपली नादिरा आहे. तिचे खरे नाव फ्लॉरेन्स इझिकेल, कुटुंब बगदादी ज्यू. बहरीनच्या जुन्या ज्यू कुटुंबांपैकी बरीचशी इराकमधूनच आलेली, हे तुबलीत शिकणाऱ्या आपल्याला ठाऊक आहे. युद्ध संपून पंधरा वर्षे झाली होती. कॅमेऱ्यामागे म्युनिकचा जर्मन आणि समोर ज्यू अभिनेत्री, असे काम मुंबईत सहज चालले होते.

'पाकीजा' हे त्यांचे शेवटचे काम. चित्रपट मध्येच रखडला. 1967 मध्ये मुंबईतच विर्शिंग यांचे निधन झाले. उरलेले चित्रण इतरांनी पूर्ण केले आणि 1972 मध्ये चित्रपट झळकला. प्रेक्षकांनी मीना कुमारींना डोळे भरून पाहिले, पण ज्याच्या नजरेतून पाहिले, त्याचे नाव थोड्यांनीच वाचले.

शब्दार्थ
छायालेखक – चित्रपटाचे चित्रण करणारा, कॅमेरामन
मूकपट – आवाज नसलेला चित्रपट
रखडणे – काम अडून पडणे

स्वाध्याय
1. जर्मन ज्यूंना 'शत्रुदेशीय' का ठरवले गेले? त्यात काय चुकले?
2. घरच्या आजी-आजोबांबरोबर एक जुना चित्रपट पाहा. सुरुवातीची नावे पुढे ढकलू नका. छायालेखकाचे नाव वहीत मराठीत लिहून आणा.