आठवीचा निरोप आणि नववीचे दार

एप्रिल महिना अर्धा सरला की जिल्हा परिषदेच्या शाळांतून निरोप समारंभांची लगबग सुरू होते. व्हरांड्यात सतरंजी अंथरली जाते, सातवीच्या मुली फळ्यावर रंगीत खडूने वेलबुट्टी काढतात, सरपंचांना किंवा शाळा व्यवस्थापन समितीच्या अध्यक्षांना पाहुणे म्हणून बोलावले जाते आणि आठवीच्या प्रत्येक मुलास गुलाबाचे फूल व पेन देऊन भाषणांना प्रारंभ होतो. ही भाषणे बहुधा एकाच साच्यातील असतात. ध्येय, जिद्द, उंच भरारी, आईवडिलांचे आणि गावाचे नाव. यातील एकही शब्द खोटा नाही. परंतु समोर बसलेल्या चौदा वर्षांच्या मुलाने उद्या सकाळी नेमके काय करावे, याचा त्यात पत्ता नसतो. अशा प्रसंगी काय बोलावे, याचा विचार एखादे प्रत्यक्ष गाव डोळ्यांसमोर ठेवून केल्यास तो अधिक उपयुक्त ठरेल. म्हणून पालघर तालुक्यातील सरावलीचे उदाहरण घेऊ.

सरावली हे बोईसरला लागून असलेले गाव. जवळच तारापूरची औद्योगिक वसाहत आहे आणि समुद्राच्या बाजूस, १९६९ मध्ये सुरू झालेले, देशातील पहिले अणुवीज केंद्र. आदिवासी पाडे, जुनी शेतकरी घराणी आणि परप्रांतातून कामासाठी आलेल्या मजुरांच्या चाळी, अशी या साऱ्या परिसराची वस्ती आहे. येथे रोजगार दूर नाही, तो दाराशी आहे. दुर्गम भागातील मूल शाळा सोडते ते पुढची शाळा लांब असते म्हणून. कारखान्यांच्या शेजारचे मूल शाळा सोडते ते काम जवळ असते म्हणून. दोन्ही ठिकाणी एकच भाषण चालणार नाही, हे उघड आहे.

येथे कायद्यातील एका गोष्टीकडे शिक्षकांचे व पंचायत सदस्यांचे लक्ष वेधणे आवश्यक वाटते. १ एप्रिल २०१० पासून अमलात आलेल्या शिक्षण हक्क कायद्याने ६ ते १४ वयोगटातील बालकांना आठवीपर्यंतच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाची हमी दिली आहे. बालमजुरीविरोधी कायद्यात २०१६ मध्ये झालेल्या दुरुस्तीने, घरच्या उद्योगातील मदतीसारखे मोजके अपवाद सोडल्यास, १४ वर्षांखालील मुलास कामावर ठेवण्यास पूर्ण मनाई केली. १४ ते १८ वयाच्या मुलांना मात्र केवळ धोकादायक कामांची बंदी आहे. म्हणजे वयाच्या चौदाव्या वर्षी, जवळजवळ एकाच सुमारास, मुलाच्या भोवतालची दोन्ही कुंपणे मागे सरतात. शाळेची सक्ती संपते आणि कामाची मुभा सुरू होते. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने २०३० पर्यंत माध्यमिक स्तरापर्यंत सर्व मुले शाळेत आणण्याचे उद्दिष्ट ठेवले आहे. तथापि उद्दिष्ट आणि हक्क यांत अंतर असते. ते अंतर निदान या एका दुपारी भरून काढण्याचे काम निरोपाच्या शब्दांना करावयाचे आहे. आपण जो कागद मुलाच्या हाती देतो त्याचे नावच ‘शाळा सोडल्याचा दाखला’ असे आहे, हाही एक योगच म्हणावयाचा.

उदाहरण द्यावयाचे तर या जिल्ह्यात ते दूर शोधावे लागत नाही. डहाणू तालुक्यातील कोसबादच्या टेकडीवर ताराबाई मोडक यांच्यासमवेत आयुष्य वेचणाऱ्या अनुताई वाघ तेराव्या वर्षी विवाहित झाल्या आणि सहा महिन्यांत विधवा. त्या काळी अशा मुलीची वाट स्वयंपाकघरात संपत असे. अनुताईंनी सातवीची, म्हणजे व्हर्नाक्युलर फायनलची, परीक्षा दिली आणि त्या शिक्षिका झाल्या. पुढे नोकरी सांभाळून रात्रशाळेतून त्या मॅट्रिक झाल्या, आणि पदवी तर त्यांनी पन्नाशी ओलांडल्यावर मिळवली. १९७२ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. त्या काळी सातवीची परीक्षा हे नोकरीचे दार होते. आज आठवी तसे राहिलेले नाही, हे मुलांना स्पष्ट सांगितले पाहिजे. अनुताईंपासून घ्यावयाचे ते एवढेच, की त्यांनी प्रत्येक प्रमाणपत्र पुढच्या पायरीसाठी वापरले. याच कार्यात, जी मुले गुरे वळावयास जातात त्यांच्याकडे शाळेनेच जावे, या विचाराने कुरणशाळा भरविली गेली. निरोप समारंभाच्या दृष्टीने हा धडा अधिक मोलाचा आहे, आणि त्याकडे शेवटी पुन्हा वळू.

सरावलीच्या मुलास ‘मोठा हो’ म्हणण्यापेक्षा कारखान्याची भाषा अधिक कळते. औद्योगिक प्रशिक्षण संस्थेत वेल्डर, वायरमन अशा थोड्या व्यवसायांना आठवी उत्तीर्ण चालते. फिटर आणि इलेक्ट्रिशियन यांना दहावी लागते. हा फरक दोन वर्षांचा आहे. राष्ट्रीय आर्थिक दुर्बल घटक शिष्यवृत्तीची परीक्षा आठवीतच होते. तीत निवड झालेल्यास नववी ते बारावी दरवर्षी १२,००० रुपये, म्हणजे चार वर्षांत ४८,००० रुपये मिळतात. मात्र ते शासकीय, स्थानिक संस्थेच्या किंवा अनुदानित शाळेत नववीस नाव दाखल असेल तरच. निवड झालेले मूल जूनमध्ये कामावर गेले तर यादीतील नाव यादीतच राहते. ग्रामीण भागातील मुलींना शाळेच्या प्रवासासाठी बारावीपर्यंत एस.टी.चा मोफत पास मिळतो, हे पालकांसमोर बोलून दाखवावे. ‘शाळा लांब आहे’ ही अडचण मुलांपेक्षा मुलींच्या बाबतीत अधिक वेळा पुढे केली जाते.

असे असता पाहुण्यांनी पाच मिनिटांत काय सांगावे? थोडेसे या धर्तीवर:

“मुलांनो, आज तुम्ही या शाळेतून निघता आहात, शिक्षणातून नव्हे. तुमच्यापैकी काहींच्या घरी तुमचे पहिले पैसे कशात खर्चायचे, हे ठरलेही असेल. घराला हातभार लावावा असे वाटणे ही लाजेची गोष्ट नाही. ते चांगल्या मनाचे लक्षण आहे. पण आज जे काम तुम्हांला मिळेल ते उचलण्याचे आणि वाहण्याचे असेल, आणि विसाव्या वर्षीही तेच असेल. आणखी दोन वर्षे दिलीत तर यंत्राला हात लावता येईल, चार वर्षे दिलीत तर यंत्राचा कागद वाचता येईल. ज्यांची घरची बोली वारली आहे, ज्यांची भोजपुरी आहे, त्यांनी या शाळेत आठ वर्षे मराठीत गणिते सोडवली. एवढे अवघड काम तुम्ही पार पाडलेले आहे. नववी त्याहून अवघड नाही. घरी काही अडले तर आमच्याकडे या. शाळा बदलली, तरी तुमचे सर आणि बाई बदललेल्या नाहीत.”

हे शब्द कोणी पाठ करून म्हणावेत असा आग्रह नाही. मात्र बोलणाऱ्याने समारंभापूर्वी मुख्याध्यापकांकडून दोन गोष्टी विचारून घ्याव्यात: आठवीत किती मुले आहेत आणि त्यांतील कितींचे नववीचे ठिकाण ठरलेले आहे. दुसरा आकडा लहान असेल तर हार-तुऱ्यांचा वेळ कमी करून त्या मुलांच्या पालकांशी तेथेच बसून बोलणे श्रेयस्कर. दाखला देताना जवळच्या माध्यमिक शाळेचे नाव व प्रवेशाची तारीख एका चिठ्ठीवर लिहून सोबत द्यावी. असा कागद घरी जपून ठेवला जातो, भाषण राहत नाही.

आणि कुरणशाळेचा धडा येथे लागू करावा. जूनच्या मध्यास शाळा उघडल्यावर आठवड्याभरात आठवीची जुनी यादी आणि नववीचे हजेरीपट शेजारी ठेवून पाहावेत. जी नावे जुळणार नाहीत त्यांच्या घरी एक शिक्षक आणि एक पंचायत सदस्य यांनी मिळून जावे. चाळीतील कुटुंबांकडे संध्याकाळची पाळी सुटल्यावर जाणे बरे, कारण दिवसा दाराला कुलूप असते. वीटभट्ट्यांवर गेलेली कुटुंबे पावसाच्या तोंडावर पाड्यावर परततात. त्यांची मुले निरोप समारंभालाही नसतात, म्हणून त्यांची नावे एप्रिलमध्येच वेगळ्या कागदावर लिहून ठेवावीत आणि त्यांचे दाखले व चिठ्ठ्या त्याच कागदासोबत कपाटात तयार असाव्यात.