चित्रीकरणाची वाहतूक : प्रतीक्षेच्या तासांचे अर्थकारण

चित्रपटनिर्मितीस केंद्र शासनाने १९९८ साली उद्योगाचा दर्जा जाहीर केला. या उद्योगाची चर्चा बहुधा कलावंत, भांडवल व तिकीटविक्री यांभोवती फिरते. माणसे व सामग्री चित्रीकरणस्थळी वेळेवर पोहोचविणारी वाहतूक हा त्यातील दुर्लक्षित घटक होय.

वाहतुकीची मागणी ही अप्रत्यक्ष मागणी असते. चित्रपट वा मालिका निर्माण होत असेल तरच ती उद्भवते. कारखाना एका जागी असतो, चित्रीकरणाची जागा मात्र प्रकल्पागणिक बदलते. गोरेगावची चित्रनगरी (१९७७) किंवा हैदराबादजवळील रामोजी फिल्म सिटी (१९९६) यांसारख्या संकुलांत अनेक सोयी एकत्र असल्याने वाहतूकखर्चात बचत होते. याउलट, मुंबईतील निर्मात्याने साताऱ्याजवळील वाई-मेणवली परिसर निवडल्यास जनित्र, दिवे, कॅमेरे व वेशभूषेचे साहित्य दोनशेहून अधिक किलोमीटर न्यावे लागते.

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. स्थळावर ८० जण हजर आहेत. जनित्राची गाडी एक तास उशिरा आली. गाडीचे भाडे तेवढेच राहिले, परंतु ८० मनुष्य-तास वाया गेले. म्हणूनच निर्मिती व्यवस्थापक पहिल्या दृश्याच्या वेळेपासून उलट हिशेब करून गाड्या सोडतो.

या वक्तशीरपणाचा भार चालकावर पडतो. पहाटे चारला निघालेला चालक शेवटच्या माणसास रात्री नऊला घरी सोडतो, तेव्हा १७ तास झालेले असतात. प्रत्यक्ष गाडी चालविण्याचे तास कदाचित पाचच. उरलेला काळ प्रतीक्षेचा. तो काळ त्यास अन्यत्र वापरता येत नाही, म्हणजेच त्यास संधी खर्च आहे. शिवाय विश्रांतीअभावी रात्रीच्या परतीच्या प्रवासात अपघाताचा धोका वाढतो.

मोटार परिवहन कामगार अधिनियम, १९६१ अन्वये सर्वसाधारणपणे दिवसाचे ८ व आठवड्याचे ४८ तास ही कामाची मर्यादा होती. थांब्यावरील नुसत्या हजेरीचा १५ मिनिटांहून कमी काळच कामात धरण्याचा उल्लेख त्याच्या व्याख्येत होता. पाचांहून कमी कामगार असलेल्या व्यवसायास तो सामान्यतः लागू नव्हता. हा अधिनियम व सिने-कामगारांविषयीचा १९८१ चा अधिनियम, दोन्ही व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहिता, २०२० मध्ये विलीन झाले. ही संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली असून तिच्यात चित्रपटांबरोबरच दूरचित्रवाणी मालिकांसह दृक्‌श्राव्य निर्मितीतील कामगारांचाही समावेश आहे.

तरीही निर्माता, ठेकेदार, वाहनमालक व चालक अशा साखळीत खरा नियोक्ता कोण, हा प्रश्न उरतोच. चालकाच्या प्रतीक्षेची नोंद व मोबदला लेखी करारात आल्याखेरीज कायद्याचे संरक्षण त्याच्यापर्यंत पोहोचणे कठीण आहे. असंघटित क्षेत्राचा अभ्यास करताना विद्यार्थ्यांनी केवळ वेतनदर न पाहता, न मोजलेले तासही विचारात घ्यावेत.